न्यायाधीश वेटीज वेअरिंग आणि ‘पृथक् परंतु समान’

१

न्यायसंस्थेचा इतिहास लिहिताना अभ्यासकाची दृष्टी सहजच सर्वोच्च न्यायालयाकडे वळते. अंतिम शब्द तेथे उच्चारला जातो, निकालपत्रे तेथून प्रसिद्ध होतात आणि पाठ्यपुस्तकांत त्यांचेच उतारे येतात. परंतु अंतिम शब्द हा पहिला शब्द नव्हे. वादाचा मूळ प्रश्न कोणत्या शब्दांत मांडला गेला, कोणाची साक्ष नोंदली गेली, कोणती कबुली दप्तरात आली, ह्या सर्व गोष्टी ज्या न्यायालयात दावा प्रथम चालतो तेथेच ठरतात. वरच्या न्यायालयास त्या जशा मिळतील तशा घ्याव्या लागतात. अमेरिकेच्या दक्षिण कॅरोलायना राज्यातील संघीय जिल्हा न्यायाधीश ज्युलियस वेटीज वेअरिंग (१८८०–१९६८) ह्यांच्या दहा वर्षांच्या कारकीर्दीच्या आधारे ह्या गोष्टीचा विचार करावा, असा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. ह्या कारकीर्दीचा बराचसा भाग ‘पृथक् परंतु समान’ ह्या एकाच शब्दप्रयोगाभोवती फिरतो. म्हणून भाषेच्या अभ्यासकासही तीत लक्ष घालण्याजोगे बरेच आहे.

विषयात शिरण्यापूर्वी अमेरिकेतील न्यायव्यवस्थेचा एक विशेष ध्यानात घेतला पाहिजे. आपल्याकडे तालुक्याच्या दिवाणी न्यायालयापासून सर्वोच्च न्यायालयापर्यंत न्यायालयांची एकच उतरंड आहे आणि राज्याचा व केंद्राचा कायदा ती दोन्ही राबवते. अमेरिकेत अशा दोन उतरंडी शेजारी शेजारी उभ्या आहेत. राज्याची न्यायालये वेगळी, संघराज्याची वेगळी. संघीय उतरंडीची तळची पायरी म्हणजे जिल्हा न्यायालय. साक्षीपुरावा तेथे होतो, ज्यूरी तेथे बसते, आणि सामान्यतः एकच न्यायाधीश काम चालवतो. ह्या न्यायाधीशाची नेमणूक राष्ट्राध्यक्ष सिनेटच्या संमतीने करतात. सद्वर्तन असेतोवर त्याचे पद टिकते, त्याचे वेतन कमी करता येत नाही, आणि महाभियोगावाचून त्यास दूर करता येत नाही. हा महाभियोगही राज्याच्या विधिमंडळाचा अधिकार नसून वॉशिंग्टन येथील काँग्रेसचा आहे.

ह्या योजनेत एक अंतर्विरोध दडलेला आहे. जिल्हा न्यायाधीश त्याच राज्यातील वकीलवर्गातून निवडला जातो, आणि त्याच्या निवडीत त्या राज्याच्या सिनेटरांचा शब्द महत्त्वाचा असतो. म्हणजे तो स्थानिक प्रतिष्ठितांपैकीच एक असतो. परंतु एकदा आसनावर बसला की त्या प्रतिष्ठितांच्या हाती त्याचे काही उरत नाही. तो त्यांच्यात राहतो, मात्र त्यांच्या अधीन नसतो. बहुतेक न्यायाधीशांच्या बाबतीत हा अंतर्विरोध कधी प्रकट होत नाही. वेअरिंग ह्यांच्या बाबतीत तो पूर्णपणे प्रकट झाला.

२

वेअरिंग ह्यांचा जन्म २७ जुलै १८८० रोजी चार्ल्स्टन शहरात झाला. त्यांचे घराणे आठ पिढ्यांपासून त्याच शहरात नांदत होते, आणि वडील यादवी युद्धात दक्षिणेच्या बाजूने लढलेले होते. चार्ल्स्टन कॉलेजातून १९०० साली पदवी घेऊन, वकिलाच्या कचेरीत कायद्याचा अभ्यास करून त्यांनी १९०२ मध्ये सनद मिळवली. पहिल्या महायुद्धाच्या काळात ते साहाय्यक संघीय सरकारी वकील होते; पुढे १९३३ ते १९४२ ते चार्ल्स्टन नगरपालिकेचे विधी सल्लागार होते. १९३८ साली ‘कॉटन एड’ ह्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या एलिसन स्मिथ ह्या सिनेटरच्या निवडणूक-प्रचाराची चार्ल्स्टनमधील धुरा त्यांनी वाहिली. स्मिथ हे गोऱ्यांच्या वर्चस्वाचे उघड पुरस्कर्ते होते. राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट ह्यांनी वेअरिंग ह्यांचे नाव सुचवले आणि जानेवारी १९४२ मध्ये सिनेटने त्यास संमती दिली. त्या वेळी त्यांचे वय ६१ वर्षांचे होते. ह्या गृहस्थांकडून काही विपरीत घडेल, असे चार्ल्स्टनमध्ये कोणासही वाटण्याचे कारण नव्हते.

ज्या कायद्याच्या चौकटीत त्यांना काम करावयाचे होते तिचा पाया १८९६ च्या प्लेसी विरुद्ध फर्ग्युसन ह्या निकालाने घातला होता. आगगाडीत गोऱ्यांसाठी व कृष्णवर्णीयांसाठी वेगळे डबे ठेवण्याचा लुइझियाना राज्याचा १८९० चा कायदा त्या निकालाने वैध ठरवला. समान संरक्षणाची हमी देणाऱ्या चौदाव्या घटनादुरुस्तीशी वर्णविभाजन विसंगत नाही, मात्र दोन्ही बाजूंच्या सोयी समान असाव्यात, असे त्याचे तात्पर्य होते. पुढे हेच तत्त्व शाळा, रुग्णालये, उद्याने अशा सर्व ठिकाणी लागू झाले. दक्षिण कॅरोलायनाच्या १८९५ च्या संविधानाने तर दोन वर्णांच्या मुलांसाठी वेगळ्या शाळा असणे बंधनकारकच केले होते.

ह्या तत्त्वाच्या शब्दरचनेकडे थोडे बारकाईने पाहावे. लुइझियानाच्या कायद्यातील मूळ क्रम ‘समान परंतु पृथक्’ असा होता. लोकव्यवहारात आणि न्यायालयीन भाषेत तो उलटून ‘पृथक् परंतु समान’ असा रूढ झाला. क्रम कोणताही घेतला तरी दोन विशेषणांच्या मध्ये ‘आणि’ नाही, ‘परंतु’ आहे. विरोधवाचक उभयान्वयी अव्यय आपण तेव्हाच वापरतो, जेव्हा पहिल्या पदावरून श्रोत्याच्या मनात येणारी अपेक्षा दुसऱ्या पदाने खोडून काढावयाची असते. ‘गरीब परंतु प्रामाणिक’ असे म्हणणारा मनुष्य गरिबीविषयी काही गृहीत धरूनच बोलत असतो. त्याचप्रमाणे ‘पृथक् परंतु समान’ म्हणणाऱ्याच्या मनात, जे पृथक् असते ते सहसा समान नसते, हे गृहीत आहेच. ह्या तत्त्वाचे खंडन एका अर्थी त्याच्याच अव्ययात दडलेले होते. ते बाहेर काढण्यास न्यायालयांना अर्धशतकाहून अधिक काळ लागला.

३

वेअरिंग ह्यांच्या कारकीर्दीचा पहिला टप्पा ‘समान’ ह्या दुसऱ्या पदाचा आहे. चार्ल्स्टनच्या शाळांत कृष्णवर्णीय शिक्षकांना गोऱ्या शिक्षकांहून कमी वेतन मिळत असे. व्हायोला डुव्हाल ह्या शिक्षिकेच्या नावाने दाखल झालेल्या दाव्यात १९४४ साली वेअरिंग ह्यांनी वेतन समान करण्याचा आदेश दिला. १९४५ मध्ये कोलंबिया शहराच्या बाबतीतही तसाच निर्णय झाला. वादी पक्षाचे वकील थर्गुड मार्शल होते. राष्ट्रीय कृष्णवर्णीय उन्नती संघटनेच्या वतीने ते दक्षिणेत अशी प्रकरणे लढवत असत आणि पुढे १९६७ मध्ये ते स्वतः सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले.

ह्या निर्णयांत धैर्य होते, परंतु नवे तत्त्व नव्हते. दक्षिण कॅरोलायना ज्या चौथ्या अपील मंडलात मोडते त्या मंडलाच्या न्यायालयाने नॉरफोक येथील शिक्षकांच्या प्रकरणात १९४० मध्येच असा भेद घटनाबाह्य ठरवला होता. तो निकाल न्यायाधीश जॉन पार्कर ह्यांनी लिहिला होता. वेअरिंग ह्यांनी केवळ तो पाळला. तथापि, पूर्वनिर्णय असणे आणि तो आपल्या गावात, आपल्या ओळखीच्या शाळामंडळाविरुद्ध पाळणे ह्यांतील अंतर लहान नसते.

येथे कालक्रमाचा एक मुद्दा नोंदवणे अगत्याचे आहे. १९४५ साली वेअरिंग ह्यांनी बत्तीस वर्षांच्या संसारानंतर पहिल्या पत्नीशी घटस्फोट घेतला आणि उत्तरेकडील एलिझाबेथ हॉफमन ह्यांच्याशी विवाह केला. घटस्फोट दक्षिण कॅरोलायनात त्या काळी कायद्यानेच शक्य नव्हता. चार्ल्स्टनच्या उच्च वर्गाने ह्या जोडप्याकडे पाठ फिरवली, आणि वेअरिंग ह्यांचे पुढील निर्णय म्हणजे त्या बहिष्काराचा सूड होय, अशी उपपत्ती त्यांच्या विरोधकांनी प्रचारात आणली. डुव्हाल प्रकरण ह्या घटनांच्या आधीचे आहे, एवढ्यावरूनच ही उपपत्ती अपुरी ठरते. मात्र १९४४ चा निर्णय आणि १९५१ चा निर्णय ह्यांत केवळ अंशाचा नव्हे, तर जातीचाच फरक आहे. तो फरक कशाने पडला, हा प्रश्न उरतोच.

४

त्याचे उत्तर शोधताना आयझॅक वुडर्ड ह्या सैनिकाच्या प्रकरणाकडे यावे लागते. दुसऱ्या महायुद्धातून परतलेले सार्जंट वुडर्ड १२ फेब्रुवारी १९४६ रोजी जॉर्जियातील छावणीतून सन्मानपूर्वक सेवामुक्त झाले आणि त्याच दिवशी बसने घराकडे निघाले. वाटेत लघुशंकेसाठी उतरू देण्यावरून बसचालकाशी त्यांची बोलाचाली झाली. बेट्सबर्ग गावी चालकाने त्यांना पोलिसांच्या हवाली केले. तेथील पोलीसप्रमुख लिनवुड शल ह्याने दंडुक्याने केलेल्या मारहाणीत वुडर्ड ह्यांचे दोन्ही डोळे कायमचे गेले. अंगावर अजून सैन्याचा गणवेश होता.

राज्याने शलवर काहीही कारवाई केली नाही. देशभर ओरड झाल्यावर संघ सरकारने नागरी हक्कांच्या भंगाचा खटला भरला आणि तो नोव्हेंबर १९४६ मध्ये कोलंबिया येथे वेअरिंग ह्यांच्यापुढे चालला. सरकारी वकिलाने पुरावा गोळा करण्यात कसूर केली होती आणि ज्यूरीतील सर्व जण गोरे होते. ज्यूरी विचारविनिमयास आत गेली तेव्हा, ती पाच मिनिटांत बाहेर येऊन ह्या प्रकरणाची विटंबना करील अशी भीती वाटून न्यायाधीश न्यायालयातून उठले आणि फिरावयास निघून गेले. ते परत येईपर्यंत ज्यूरीला बसून राहावे लागले. तरीही अर्ध्या तासाच्या आत निकाल लागला : आरोपी निर्दोष. श्रीमती वेअरिंग त्या दिवशी न्यायालयात उपस्थित होत्या. त्या अश्रू ढाळीत बाहेर पडल्या.

वेअरिंग ह्यांच्यावर ग्रंथ लिहिणारे रिचर्ड गर्गेल हे स्वतः त्याच राज्यात संघीय न्यायाधीश म्हणून चार्ल्स्टन येथे काम केलेले गृहस्थ आहेत. २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात ते ह्या खटल्यास निर्णायक स्थान देतात, आणि ते योग्यच आहे असे म्हणावयास हरकत नाही. जिल्हा न्यायाधीशास सत्य डोळ्यांसमोर दिसते, परंतु ज्यूरीच्या निर्णयापुढे त्याचे काही चालत नाही. आपल्या आसनाची मर्यादा वेअरिंग ह्यांना त्या दिवशी जितकी स्पष्ट दिसली तितकी पूर्वी कधी दिसली नसावी. ह्यानंतर पतिपत्नींनी दक्षिणेच्या समाजस्थितीवरील ग्रंथांचे एकत्र वाचन सुरू केले. त्यांत स्वीडिश अर्थशास्त्रज्ञ गुनार मिर्डाल ह्यांचा अमेरिकेतील वर्णप्रश्नावरील १९४४ चा विस्तृत अभ्यास आणि डब्ल्यू. जे. कॅश ह्यांचे दक्षिणेच्या मनोवृत्तीवरील १९४१ चे पुस्तक प्रमुख होते. आपल्या न्यायदालनातील वर्णानुसार बसण्याची प्रथा वेअरिंग ह्यांनी बंद केली आणि जॉन फ्लेमिंग ह्या कृष्णवर्णीय गृहस्थांची न्यायालयाचे बेलिफ म्हणून नेमणूक केली.

वुडर्ड प्रकरणाचा परिणाम राष्ट्राध्यक्ष ट्रूमन ह्यांच्यावरही झाला. डिसेंबर १९४६ मध्ये त्यांनी नागरी हक्कांसाठी समिती नेमली आणि २६ जुलै १९४८ रोजी सैन्यातील वर्णभेद संपवण्याचा आदेश काढला.

५

दुसरा टप्पा मताधिकाराचा. दक्षिणेत त्या काळी डेमोक्रॅटिक पक्षास खरा प्रतिस्पर्धी नव्हता. त्यामुळे पक्षाचा उमेदवार ठरवणारी प्राथमिक निवडणूक हीच प्रत्यक्षात खरी निवडणूक असे, आणि तीत कृष्णवर्णीयांना मत नसे. एप्रिल १९४४ मध्ये टेक्सासच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हा प्रकार घटनाबाह्य ठरवला. त्यावर दक्षिण कॅरोलायनाने एक वेगळीच युक्ती योजली. विधिमंडळाचे खास अधिवेशन बोलावून प्राथमिक निवडणुकीसंबंधीचे सर्व कायदेच रद्द करण्यात आले. आता ही निवडणूक म्हणजे एका खाजगी मंडळाचे अंतर्गत काम होय, राज्याचा तिच्याशी संबंध नाही, असा दावा करण्याची त्यामुळे सोय झाली.

जॉर्ज एल्मोर ह्या कोलंबियातील दुकानदाराने ह्याविरुद्ध दावा लावला. १२ जुलै १९४७ रोजी वेअरिंग ह्यांनी निकाल दिला की, नाव काहीही दिले तरी ही निवडणूक सार्वजनिकच आहे आणि वर्णावरून कोणास वगळता येणार नाही. दक्षिण कॅरोलायनाने आता पुन्हा संघराज्यात सामील व्हावे, अशा आशयाचा त्यांचा शेरा राज्यभर गाजला. पार्कर ह्यांच्या अपील न्यायालयाने हा निकाल कायम केला. तेव्हा पक्षाने मतदारांसाठी एक शपथ तयार केली. वर्णविभाजनास आपली मान्यता आहे असे तीत म्हणावे लागत असे. १९४८ च्या उन्हाळ्यात वेअरिंग ह्यांनी ही शपथही रद्द केली. हुकूम मोडणाऱ्यास केवळ दंड नव्हे तर तुरुंगवास होईल, अशी ताकीद त्यांनी न्यायासनावरून दिली. त्या ऑगस्टमध्ये हजारो कृष्णवर्णीय नागरिकांनी प्राथमिक निवडणुकीत मतदान केले. जिल्हा न्यायाधीशाच्या सामर्थ्याचा हा एक विशेष ध्यानात ठेवण्यासारखा आहे. सर्वोच्च न्यायालय तत्त्व सांगते. विशिष्ट मनुष्यास विशिष्ट दिवशी विशिष्ट गोष्ट करावयास लावण्याचा अधिकार मात्र खालच्या न्यायाधीशाच्या हाती असतो.

ह्याच १२ जुलै १९४७ रोजी वेअरिंग ह्यांनी दुसराही एक निकाल दिला. जॉन राइटन ह्या युवकाने राज्याच्या विद्यापीठातील विधी महाविद्यालयात प्रवेश मागितला होता. राज्याने त्यास तेथे प्रवेश द्यावा, किंवा कृष्णवर्णीयांसाठी समकक्ष विधी महाविद्यालय काढावे, किंवा गोऱ्यांसाठीचेही बंद करावे, असे तीन पर्याय त्यांनी दिले. राज्याने ऑरेंजबर्ग येथे एक वेगळे महाविद्यालय काढले. निवडणुकीच्या बाबतीत इतकी स्पष्ट भूमिका घेणारे न्यायाधीश शिक्षणाच्या बाबतीत त्याच दिवशी ‘पृथक् परंतु समान’च्या चौकटीतच राहिले. त्यांच्या विचारातील बदल एका रात्रीत झालेला नव्हता, ह्याचा ह्याहून चांगला पुरावा सापडणार नाही.

६

तिसरा टप्पा क्लॅरंडन तालुक्याचा. कापसाच्या शेतीवर जगणाऱ्या ह्या भागातील शाळांत ६,५३१ कृष्णवर्णीय विद्यार्थी व २,३७५ गोरे विद्यार्थी होते. १९४९–५० साली एका गोऱ्या विद्यार्थ्यामागे १७९ डॉलर, तर एका कृष्णवर्णीय विद्यार्थ्यामागे ४३ डॉलर खर्च होत होते. गोऱ्या मुलांसाठी तीस बसगाड्या होत्या. कृष्णवर्णीय मुलांसाठी एकही नव्हती. पाळक व शिक्षक जोसेफ डिलेन ह्यांच्या पुढाकाराने १९४७ साली झालेली पहिली मागणी फक्त एका बसगाडीची होती. ती नाकारली गेली. १९५० साली शाळा समान कराव्यात, असा दावा दाखल झाला. वादींच्या यादीत पहिले नाव नौदलात काम केलेले हॅरी ब्रिग्ज ह्यांचे आणि प्रतिवादींमध्ये शाळामंडळाचे अध्यक्ष आर. डब्ल्यू. इलियट ह्यांचे, म्हणून हे प्रकरण ‘ब्रिग्ज विरुद्ध इलियट’ ह्या नावाने ओळखले जाते.

१७ नोव्हेंबर १९५० रोजी सुनावणीपूर्व बैठक झाली. शाळा असमान आहेत एवढेच तुम्हांस म्हणावयाचे आहे की वर्णविभाजनच घटनाबाह्य आहे असे म्हणावयाचे आहे, हा प्रश्न वेअरिंग ह्यांनी तीत मार्शल ह्यांच्यापुढे ठेवला. आणि दुसरे म्हणावयाचे असेल तर हा दावा काढून घेऊन तसा नवा दावा आणावा, असे सुचवले. मार्शल ह्यांनी डिसेंबरमध्ये तसे केले. राज्याच्या संविधानावर व कायद्यांवर आघात करणारा दावा तत्कालीन नियमानुसार एका न्यायाधीशापुढे चालत नसे. त्यासाठी तीन न्यायाधीशांचे पीठ बसे आणि त्यावरील अपील थेट सर्वोच्च न्यायालयात जाई. हा नियम १९७६ मध्ये बहुतांशी रद्द झाला. पार्कर, जॉर्ज बेल टिमरमन व वेअरिंग हे तिघे पीठावर येणार, आणि आपण दोघांविरुद्ध एक पडणार, ह्याची वेअरिंग ह्यांना कल्पना असलीच पाहिजे. मूळ दाव्यात ते एकटे होते आणि वादींना सहज विजय देऊ शकत होते. तो लहान विजय त्यांनी हातचा सोडला आणि मोठ्या प्रश्नासाठी पराभव पत्करला.

सुनावणी २८ व २९ मे १९५१ रोजी चार्ल्स्टन येथे झाली. क्लॅरंडनहून शेकडो लोक आले होते. जागा न मिळालेले दालनाबाहेर ओळीने उभे राहिले. आरंभीच प्रतिवादींचे वकील रॉबर्ट फिग ह्यांनी, आमच्या शाळा समान नाहीत, अशी कबुली देऊन टाकली. गव्हर्नर जेम्स बर्न्झ ह्यांनी नवा विक्रीकर बसवून शाळा सुधारण्याची योजना आखलीच होती. ‘समान’ हे पद सोडून दिले म्हणजे ‘पृथक्’ ह्या पदाविषयी चर्चाच उरणार नाही, असा ह्या कबुलीमागचा डाव होता. परंतु दाव्याचा प्रश्नच बदलला असल्यामुळे तो साधला नाही. वादींच्या साक्षी चालू राहिल्या. त्यांत मानसशास्त्रज्ञ केनेथ क्लार्क ह्यांची साक्ष होती. क्लॅरंडनमधील सोळा मुलांपुढे त्यांनी गोऱ्या व सावळ्या बाहुल्या ठेवल्या होत्या. दहांनी गोरी बाहुली पसंत केली आणि अकरांनी सावळी बाहुली वाईट असल्याचे सांगितले. नमुना लहान असल्याबद्दल पुढे ह्या प्रयोगावर टीका झाली. तथापि, बालमनावरील परिणाम हा न्यायालयीन पुराव्याचा विषय होऊ शकतो, ही गोष्ट त्या दिवशी दप्तरात नोंदली गेली.

७

जून १९५१ मध्ये दोघांविरुद्ध एक असा निकाल लागला. पार्कर ह्यांनी बहुमताच्या वतीने लिहिले की, प्लेसी निकाल बंधनकारक आहे, शिक्षणाचे धोरण ठरवणे विधिमंडळाचे काम आहे, आणि शाळा समान करून राज्याने सहा महिन्यांत अहवाल द्यावा. वेअरिंग ह्यांनी सुमारे वीस पानांचे भिन्नमतपत्र लिहिले. आरंभी त्यांनी वादींच्या धैर्याचा गौरव केला. नंतर प्रतिवादींच्या कबुलीमागील हेतू उघड केला. माणसाच्या अंगात कोणत्या वंशाचे किती अंश रक्त आहे ह्यावर हक्क अवलंबून ठेवण्यातील विसंगती त्यांनी दाखवली, साक्षींचा आढावा घेतला आणि शेवटी आपले मत एका लहानशा वाक्यात सांगितले : वर्णविभाजन ही स्वरूपतःच विषमता होय.

‘स्वरूपतःच’ असे जे आपण म्हटले त्या ठिकाणी मुळात ‘पर से’ हा वकिली व्यवहारातला लॅटिन शब्दप्रयोग आहे. त्याचे कार्य लक्षात घेण्याजोगे आहे. पार्कर ह्यांच्या निकालात ‘समान’ हे तुलनावाचक विशेषण आहे. दोन वस्तू शेजारी ठेवावयाच्या, इमारती, बाके, बसगाड्या मोजावयाच्या आणि फरक भरून काढावयाचा. असा फरक कितीही मोठा असला तरी तो तत्त्वतः पैशाने भरून निघू शकतो. वेअरिंग ह्यांनी हे विशेषण वस्तूंवरून उचलून माणसांमधील संबंधाला लावले. ज्यास बळजबरीने वेगळे काढले आहे त्याच्या शाळेची इमारत सोन्याची केली तरी त्याला वेगळे का काढले, हा प्रश्न शिल्लक राहतो. असा अर्थ घेतला म्हणजे ‘पृथक् परंतु समान’ हा सूट देणारा नियम न राहता वदतोव्याघात ठरतो.

१७ मे १९५४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ‘ब्राऊन विरुद्ध शिक्षणमंडळ’ ह्या प्रकरणात एकमताने निकाल दिला. त्यात कॅन्सस, दक्षिण कॅरोलायना, व्हर्जिनिया व डेलावेअर येथील दावे एकत्र होते. सरन्यायाधीश वॉरन ह्यांनी वेगळ्या शैक्षणिक सोयी मूलतःच असमान असतात, असे म्हटले. त्यांचे क्रियाविशेषण निराळे असले तरी कार्य तेच होते. त्या निकालाच्या प्रसिद्ध अकराव्या टीपेत क्लार्क ह्यांच्या लेखनाचा आणि मिर्डाल ह्यांच्या ग्रंथाचा निर्देश आहे.

परंतु शब्दाची सत्ता दोन्ही बाजूंनी चालते. ३१ मे १९५५ च्या दुसऱ्या निकालात अंमलबजावणीविषयी जो शब्दप्रयोग आला त्याचा अर्थ ‘विचारपूर्वक शक्य तितक्या त्वरेने’ असा होता. त्यातील ‘विचारपूर्वक’ हे पद पकडून दक्षिणेने ‘त्वरेने’ हे पद सोडून दिले. त्याच वर्षी ब्रिग्ज प्रकरण परत आल्यावर पार्कर ह्यांच्या पीठाने म्हटले की, संविधान एकत्रीकरणाची सक्ती करीत नाही, ते केवळ भेदभावास मनाई करते. ‘सक्ती’ आणि ‘मनाई’ ह्यांमधील ह्या फटीत पुढील दहा वर्षे पुष्कळ शाळा जशाच्या तशा राहिल्या.

८

वेअरिंग ह्यांच्या वर्तनावर घेतला जाणारा सर्वांत गंभीर आक्षेप नोव्हेंबर १९५० च्या बैठकीविषयीचा आहे. न्यायाधीशाने एका पक्षाच्या वकिलास, कोणता दावा आण, असे सुचवावे काय? न्यायाधीश निःपक्षपाती असावा आणि तो तसा दिसावाही, हे तत्त्व ज्यास मान्य आहे त्याला हा आक्षेप सहज झटकून टाकता येणार नाही. त्यावर दोन उत्तरे देता येतात. एक, वादाचे मुद्दे स्पष्ट करून घेणे हाच सुनावणीपूर्व बैठकीचा उद्देश असतो. दोन, उच्च शिक्षणासंबंधीच्या जून १९५० च्या निकालांनंतर मार्शल ह्यांच्या संघटनेने वर्णविभाजनावर समोरून हल्ला करण्याचे धोरण स्वीकारलेच होते. न्यायाधीशांनी त्यास स्थळ व वेळ दिली. तरीही मुद्दा स्पष्ट करणे आणि नवा दावा मागवणे ह्यांत अंतर आहे, आणि वेअरिंग ह्यांनी ते ओलांडले, असे प्रस्तुत लेखकास वाटते. मात्र त्यासोबत हेही सांगितले पाहिजे की, प्रश्न विचारणे हे जसे कृत्य आहे तसेच प्रश्न टाळणे हेही कृत्यच आहे. अर्धशतकभर न्यायालये ‘समान’ ह्या पदाची मोजणी करीत राहिली, ह्याचा लाभ एका पक्षास सतत मिळतच होता. तो पक्षपात सवयीचा झाला असल्यामुळे दिसत नव्हता.

वेअरिंग ह्यांनी किंमत मोजली. जानेवारी १९५० मध्ये श्रीमती वेअरिंग ह्यांनी चार्ल्स्टनमध्ये कृष्णवर्णीय महिलांच्या संस्थेत केलेल्या भाषणात गोऱ्या समाजावर कडक टीका केली. त्यानंतर राज्याच्या प्रतिनिधिसभेत न्यायाधीशांवर महाभियोग चालवण्याची मागणी झाली, घरापुढे क्रूस जाळला गेला आणि ऑक्टोबर महिन्यात घरावर दगडफेक झाली. परंतु त्यांच्याजवळ आजीव पद व निश्चित वेतन होते. वयाची सत्तरी ओलांडून दहा वर्षांची सेवा पुरी होताच, १५ फेब्रुवारी १९५२ रोजी, ते सक्रिय कामातून निवृत्त झाले आणि न्यूयॉर्कला राहावयास गेले. वादींजवळ असे काहीच नव्हते. हॅरी ब्रिग्ज ह्यांना पेट्रोल पंपावरील आणि त्यांच्या पत्नी एलायझा ह्यांना मोटेलमधील नोकरी गमवावी लागली. डिलेन ह्यांचे घर जळाले. पुढे १९५५ मध्ये त्यांचे चर्च जाळले गेले आणि त्यांना राज्य सोडावे लागले. एल्मोर ह्यांचा धंदा बुडाला आणि १९५९ मध्ये ते दारिद्र्यात वारले. न्यायाधीशाचे स्वातंत्र्य ही मोठी गोष्ट आहे, परंतु त्याच्यापुढे दावा घेऊन येण्याचे धाडस कोणी केले नाही तर ते स्वातंत्र्य निष्क्रिय राहते. भिन्नमतपत्राचा आरंभ वादींच्या गौरवाने का झाला, ह्याचे उत्तर येथे मिळते.

९

वेअरिंग ह्यांचा मृत्यू ११ जानेवारी १९६८ रोजी न्यूयॉर्क येथे झाला. दफनविधी चार्ल्स्टनमध्ये झाला. त्यास दोनशेच्या आसपास कृष्णवर्णीय नागरिक आले होते, आणि गोऱ्यांची संख्या बारा-पंधरांच्या पलीकडे नव्हती. २०१४ मध्ये चार्ल्स्टनच्या न्यायालयाच्या आवारात त्यांचा पुतळा उभारण्यात आला. २०१५ मध्ये तेथील संघीय न्यायालयाच्या नव्या इमारतीस त्यांचे नाव देण्यात आले. तिला आधी माजी सिनेटर हॉलिंग्ज ह्यांचे नाव होते आणि त्यांनीच हा बदल सुचवला होता.

ह्या कारकीर्दीपासून इतिहासाच्या अभ्यासकाने काय घ्यावे? एखादा निर्णय कोणी दिला एवढे पाहून भागत नाही. तो ज्या प्रश्नाचे उत्तर आहे तो प्रश्न कोणी, कोठे आणि कोणत्या शब्दांत विचारला, हेही पाहिले पाहिजे. ब्राऊन निकालाची अपील-दप्तरे वाचणाऱ्या विद्यार्थ्याने त्यांच्या तळाशी असलेली क्लॅरंडनची कागदपत्रेही वाचावीत. एका बसगाडीच्या मागणीपासून ‘स्वरूपतःच विषमता’ ह्या दोन शब्दांपर्यंतचा प्रवास त्या कागदांत पायरीपायरीने नोंदलेला आहे.